जो कोणी

शीला खाली बसली ती उठेचना.

तसं पाहिलं तर झालं काहीच नव्हतं. सकाळच्या वेळी पुढच्या खोलीत फतकल मारून ती कपबशा जुन्या वर्तमानपत्रात गुंडाळत होती. शेवटची किटली खोक्यात ठेवली, एक हात फरशीला टेकला, दुसरा सोफ्याच्या कडेला लावला, अर्धी वर आली आणि पुन्हा खाली गेली. "अहो, हात द्या हो जरा. उठताच येईना मला." असं म्हणून स्वतःच हसली. उत्तमने हात दिला, ती उठली, गाऊनवरची धूळ झटकून स्वयंपाकघरात गेली आणि तिथून तिने विचारलंसुद्धा, "चहा टाकू का अर्धा?" तिच्यापुरता विषय तिथे मिटला. साठीची बाई, कुरकुरणारे गुडघे, जिन्याचे तीन मजले, त्यात सकाळपासूनची बांधाबांध. डोंबिवलीतल्या कुठल्याही घरात रोज घडणारी गोष्ट. पण उत्तम तिथेच राहिला, हात तसाच पुढे धरून, जणू त्या हातात कुणीतरी काहीतरी ठेवणार होतं. उठता येईना. हे शब्द त्याच्या ओळखीचे होते. ते त्यानेच जुळवले होते, दिवाळीनंतर, गावच्या देवळात, रवळनाथासमोर उभं राहून. आणि शीलाला त्यातलं अक्षरही ठाऊक नव्हतं.

शुभंकर सदन ही इमारत तशी साधीच, चार मजली, लिफ्ट नसलेली. उत्तमने तिथे घर घेतलं तेव्हा समोर भाताची खाचरं होती आणि बेडूक जिन्यापर्यंत येऊन डोकावून जात. आता तिची तब्येत अशी की कॅलेंडरवरच्या देवांना ओलीने सर्दी व्हावी. चौथ्या मजल्यावरच्या सोनलने पोळ्या लाटायला घेतल्या की तिसऱ्या मजल्यावर उत्तमच्या ताटात चुना पडे, आणि तो ओळखीने सांगे, आज चार पोळ्या, पाहुणे नाहीत. विनोद होता तोवर विनोद होता. मग नवरात्राच्या सुमाराला पालिकेचा अधिकारी आला, त्याच्याबरोबर एक इंजिनीअर आला, आणि त्या इंजिनीअरने हातातल्या छोट्या हातोडीने भिंती वाजवून पाहिल्या. चांगली भिंत टण् म्हणते, त्याने सांगितलं. मेलेली भिंत भद् म्हणते. उत्तमच्या घरातल्या तीन भिंती भद् म्हणाल्या. चौथी काय म्हणाली ते ऐकू आलं नाही, कारण तेवढ्यात सोनलने पोळ्या लाटायला घेतल्या होत्या. दुसऱ्या दिवशी खालच्या खांबावर लाल अक्षरांत लिहून गेले, अतिधोकादायक, आणि शेजारी नोटीस चिकटवली, इमारत रिकामी करा. तेव्हापासून उत्तमला एक सवयच लागली. वाटेत जे दिसेल ते तो बोटाच्या पेराने वाजवून पाही. दार, टेबल, बसचा दांडा. अंघोळ करताना स्वतःच्या नडगीवर टकटक करी आणि कान देऊन ऐके.

भीती दोन होत्या, आणि त्या सवतींसारख्या एकाच घरात नांदत होत्या. एक, हे घर डोक्यावर येईल. दुसरी, हे घर हातचं जाईल. एकदा बाहेर पडलं की परत आत नाही, हे डोंबिवलीत शेंबड्या पोरालाही माहीत. पलीकडच्या गल्लीतले लोक असेच दोन वर्षांसाठी म्हणून बाहेर पडले होते. त्यांच्या जागी आता पिंपळाएवढं रान माजलंय आणि त्यात मुंगूस नांदतंय. दिवसा उत्तमला दुसरी भीती छळे आणि अंथरुणावर पाठ टेकली की पहिली. आणि दिवस माणसाच्या हातात असतो म्हणून त्याने दिवसाच्या भीतीचा बंदोबस्त केला. तोही दोन्ही दरबारांत. ठाण्याला खोपटजवळ बसणाऱ्या सलिल नावाच्या तरुण वकिलाला गाठून उच्च न्यायालयात याचिका टाकली, की ही नोटीस रद्द करा. आणि सलिलच्या ऑफिसातून खाली उतरला तो समोरच्याच डेपोतून सावंतवाडीची एसटी धरून थेट गावाला गेला, देवाला गाऱ्हाणं घालायला.

शीलाला सांगितलं, चुलतभावाच्या जमिनीचं काम आहे. गाऱ्हाण्याचा मान धाकूचा. धाकू म्हणजे उत्तमचा बालमित्र. अंगावर मूठभर मांस नाही, पण देवळात उभा राहिला की आवाज असा की डोंगरापलीकडची गुरं माना वर करतात. त्याच्या मागे चार गावकरी, दर वाक्याला "व्हय म्हाराजा" म्हणायला. ऐकून घेतल्यावर धाकूने पहिला प्रश्न विचारला, "नाव काय तेचा? ज्याच्यार घालूचा तेचा नाव सांग."

"नाव नाही घ्यायचं," उत्तम म्हणाला.

"नाव नसताना गाऱ्हाणा? खुळो मा तू? देवाक नाव लागता, उत्तमा."

उत्तमची सगळी नोकरी ठाण्यात एका विमा कंपनीत गेली होती, आणि तिथे त्याचं काम एकच, लोकांचे दावे नाकारायचे. सगळी हयात त्याने कागदातल्या फटी शोधल्या होत्या. पाणी शिरलं, पण पूर म्हणून शिरलं की गळती म्हणून? माणूस पडला, पण आधी चक्कर आली की आधी पाय घसरला? जिथे फट तिथे सुटका, हे त्याच्या रक्तात भिनलेलं. आता देवासमोर तो स्वतः दावेदार होता आणि फट ठेवणार नव्हता. अधिकाऱ्याचं नाव घेतलं आणि उद्या त्याची बदली झाली तर? नव्या साहेबाला देव काय नोटीस काढणार? बिल्डरचं नाव घेतलं आणि त्याने धंदा मेव्हण्याच्या नावावर केला तर? म्हणून त्याने धाकूकडून एकेक शब्द घोकून घेतला, आणि धाकूने मान हलवत, नाखुशीने, देवाला तो सांगितला. बा देवा म्हाराजा, हो तुझो लेकरू तुझ्या पायाकडे इलोहा. जो कोणी तेका तेच्या घरातसून भायर काडीत... व्हय म्हाराजा... तो कोणी असांदे, खंयचो असांदे, आपलो असांदे का परको असांदे... व्हय म्हाराजा... तेका बसल्या जाग्यारसून उठूक येव नये. व्हय म्हाराजा! देवळाबाहेर माडांच्या झावळ्या हलत होत्या. उत्तमला वाटलं होतं, असा मसुदा उच्च न्यायालयातसुद्धा कुणी केला नसेल.

आणि काय सांगावं, गाऱ्हाणं लागू पडलं की! महिन्याभरात बातमी आली, नोटीस लावणारा अधिकारी कमरेतून धरलाय, मणका सरकलाय, पलंगावरून उठवत नाही. उत्तमने त्या दिवशी पेढे आणले आणि शीलाला सांगितलं, ऑफिसातल्या मित्राच्या नातवाचं बारसं. मग तो हातोडीवाला इंजिनीअर स्कूटरवरून पडला आणि प्लास्टरमध्ये गेला. उत्तमने पुन्हा पेढे आणले. शीला म्हणाली, "तुमच्या मित्रांना नातवंडं भराभर होतायत हो." तेव्हा मिशीत हसणारा उत्तम आता, या सकाळी, त्या पेढ्यांची चव आठवत उभा होता, आणि ती चव जिभेवर चुन्यासारखी लागत होती. कारण आठच दिवसांपूर्वी याच खोलीत, याच सोफ्यासमोर, कमरेवर हात ठेवून शीला म्हणाली होती, "तुम्हाला ह्या घराबाहेर काढलं नाही तर नावाची शीला नाही."

त्यालाही कारण झालं होतं. मागच्या तारखेला न्यायाधीश म्हणाले होते, इंजिनीअरांच्या अहवालावर आम्ही काय बोलणार? राहायचंच असेल तर लिहून द्या, की इमारत पडली तर जबाबदारी आमची. सलिलने तसा कागद तयार करून पाठवला. उत्तमने सही केली आणि पेन शीलापुढे धरलं. तिने कागद वाचला, चष्मा काढला. "तुमच्या जबाबदारीवर तुम्ही झोपा," ती म्हणाली. "मी माझ्या जबाबदारीवर आंबिवलीला जागा बघून आलेय. तळमजला आहे. दारात जास्वंद आहे." आणि मग ते कमरेवर हात ठेवलेलं वाक्य. उत्तम दोन दिवस भांडला, दोन दिवस रुसला, आणि मग बाल्कनीचा एक तुकडा, फार नाही, पोळपाटाएवढा, खाली पडून एका उभ्या रिक्षाचं टप फाडून गेला. त्या संध्याकाळी त्याने सलिलला फोन करून सांगितलं, घे बाबा याचिका मागे. आज कोर्टात त्याचीच तारीख होती. आणि आज शीलाला उठता येत नव्हतं. आपलो असांदे का परको असांदे. ही पुस्ती जोडा असं धाकूला कुणी सांगितलं होतं? त्यानेच.

"चहा घेताय ना?" शीला दारात आली.

"तुझे पाय... कसे आहेत पाय?"

"माझे पाय?" तिने खाली पाहिलं. "आहेत दोन. का?"

ठाण्याच्या बसमध्ये त्याला खिडकीची जागा मिळाली, पण बसल्याबरोबर तो पुन्हा उठला. उठता आलं. मग बसला. कल्याण फाट्याला गाड्यांची रांग लागली होती, ट्रकांच्या मधून बस मुंगीच्या पावलाने सरकत होती, आणि दर थोड्या वेळाने उत्तम समोरचा दांडा धरून उभा राही, क्षणभर थांबे, आणि पुन्हा खाली बसे. "काका," कंडक्टर शेवटी म्हणाला, "उतरायचंय की व्यायाम चाललाय?" दोनचार माणसं हसली. उत्तमही हसला, पण कपाळावरचा घाम त्याने रुमालाने नाही, तळहाताने पुसला, कारण रुमाल काढायला खिशात हात घालायचा तर मांडी हलवावी लागली असती आणि मांडी हलते की नाही हे त्या घटकेला त्याला कळायला नको होतं. त्याच्या डोक्यात हिशेब फिरत होता, आणि तो कुठूनही केला तरी उत्तर तेच. याचिका मागे घेतली की घर सोडायचं. घर सोडलं की शीलाने त्याला बाहेर काढलं. शीलाने बाहेर काढलं की शीला बसल्या जागी. आणि याचिका मागे नाही घेतली तर? तर तीन मेलेल्या भिंती आणि एक न ऐकलेली. हिशेबाच्या दोन्ही टोकांना तीच बाई होती, गाऊनवरची धूळ झटकून चहा विचारणारी. बस खोपटला पोहोचेपर्यंत त्याचं ठरलं होतं, की सलिलला सांगायचं, थांब. निदान आज थांब. पुढची तारीख घे. तारखांचं एक बरं असतं, त्या कुणाच्या पायात जात नाहीत.

पण सलिलच्या ऑफिसात शिरला तेव्हा तारीख सुरू झाली होती. सलिल कोर्टात न जाता, ऑफिसात बसूनच मुकदमे पडद्यावरून चालवण्यात वाकबगार. वरून काळा कोट, पांढरे बँड, आणि टेबलाखाली हाफ पँट नि रबरी चपला. समोरच्या संगणकावर न्यायाधीशांचा चेहरा हाताच्या पंजाएवढा दिसत होता. सलिलने ओठांवर बोट ठेवून उत्तमला शेजारच्या खुर्चीकडे खुणावलं. उत्तम बसला नाही. "सलिल," तो म्हणाला, "अरे थांब, आज नको." सलिलने झटकन आवाज बंद करायचं बटण दाबलं आणि दबक्या आवाजात म्हणाला, "काका, प्लीज! आपला नंबर पुकारलाय." "अरे पण तिला उठता येत नाहीये!" "कुणाला?" तेवढ्यात पडद्यातून काही विचारणा झाली, सलिलने बटण सोडलं, उभा राहिला, वाकला, आणि त्याचं इंग्रजी झरझर वाहू लागलं. याचिका मागे घेण्याची परवानगी द्यावी, आणि अन्यत्र कायद्याने जे मार्ग उपलब्ध आहेत त्यांनी दाद मागण्याची मुभा राखून ठेवावी. खालच्या डेपोत एक एसटी मागे सरकत होती आणि कुणीतरी तिच्या पत्र्यावर थापा मारत ओरडत होता, येऊ दे, येऊ दे, येऊ दे. उत्तमने तोंड उघडलं. पडद्यावरचा चेहरा मान हलवून काही म्हणाला, घर रिकामं करायला थोडी मुदत दिली, मुभाही दिली. आणि उत्तमला स्पष्ट ऐकू आलं, चार माणसांच्या एकसुरात, डोक्यावरच्या पंख्याच्या घरघरीतून, व्हय म्हाराजा. मग पुढचा नंबर पुकारला गेला. एवढी मोठी गोष्ट, आणि ती संपायला एक एसटी फलाटाला लागायला लागतो तेवढाही वेळ लागला नव्हता.

"झालं," सलिल कोट काढत म्हणाला. "टेन्शन नका घेऊ काका. हरलेलो नाही आपण."

"मग काय झालंय आपल्याला?"

"बघा, कोर्टाने फेटाळली असती ना, की कपाळावर शिक्का. दुसरीकडे कुठे गेलात तर समोरचा पहिला तो शिक्का दाखवणार. आपण आपली आपण उचलून घेतली. कपाळ कोरं. आता तांत्रिक समितीकडे जाऊ, नव्या इमारतीत आपल्या जागेचा हक्क मागू, लागलंच तर दिवाणी दावा ठोकू. सगळे दरवाजे उघडे. ह्यालाच मुभा म्हणतात."

"आणि घातलेलं... म्हणजे टाकलेलं जे काही होतं, ते?"

"ते नव्हतंच असं समजायचं."

"असं समजता येतं?"

"कोर्टात येतं," सलिल म्हणाला, आणि त्याने उत्तमकडे नीट पाहिलं. "काका, बसा ना. पाणी देऊ? मघाशी कुणाला उठता येत नव्हतं म्हणालात?"

पण उत्तम जिना उतरत होता. ही मुभा त्याला फार आवडली होती. इतकी साधी, इतकी सभ्य गोष्ट माणसांनी शोधून काढली होती, की टाकलेलं उचलून घ्यावं आणि कुणाचं वाईट होऊ नये. मग देवाने काय घोडं मारलंय? खोपटच्या फलाटावर, सावंतवाडीचा फलक लावून उभ्या असलेल्या बसच्या सावलीत उभं राहून त्याने धाकूला फोन लावला. तिकडे कोंबडा आरवत होता, भर दुपारी.

"धाकू, गाऱ्हाणं मागे घ्यायचंय."

"घेवक येता की. देव काय आडमुठो नाय."

उत्तमला एकदम हलकं वाटलं. "मग घेऊन टाक. आत्ता. मी फोनवर आहे, तू देवळात जा."

"तसा नाय तां. दोगांनी येवक होया. घातल्यान तो, आणि ज्याच्यार घातल्यान तो. दोगांनी एका ठिकाणी हुबा रवान सांगूचा, आमचा मिटला. मगे देव सोडता."

"ज्याच्यावर घातलं तो... म्हणजे कोण?"

"ता तुका म्हायत. मी तेवाच सांगी होतंय, नाव घी. तू म्हटलंस, जो कोणी."

"मग आता?"

धाकूने तिकडे कोंबड्याला हुसकावलं. कोंबडा पुन्हा आरवला. "मगे सगळ्यांका घेवन ये," धाकू म्हणाला.

जो कोणी म्हणजे सगळेच. अधिकारी, इंजिनीअर, न्यायाधीश, सलिल, रिक्षाचं टप, शीला. एवढी मोठी एसटी खोपटला नव्हती. अख्ख्या महामंडळाकडे नव्हती. आणि समजा एकटीलाच न्यायचं, तर शीलाला सांगायचं काय? की चल, मी तुझ्यावर गाऱ्हाणं घातलंय? उत्तम उभ्या बसच्या पत्र्यावर बोटाचं पेर आपटत राहिला. पत्रा भद् म्हणत होता. मग त्याच्या लक्षात आलं, की तो पत्रा नाही, आपलं बोट आपल्याच मांडीवर आपटतंय.

त्यानंतरचे दिवस तो शीलाच्या मागेमागे राहिला. ती खाली बसू लागली की तो खुर्ची सरकवायचा. ती खुर्चीत बसली की दारात उभा राहून ती उठते का ते बघायचा, आणि ती उठली की सुटकेचा निःश्वास टाकायचा. संचिता, त्यांची मुलगी, घोडबंदर रोडला तेविसाव्या मजल्यावर राहायची; तिने फोनवर विचारलं, "आई, बाबा कसे आहेत?" तर शीला म्हणाली, "कसे म्हणजे? लग्न ठरल्यावर होते तसे. नजर हटत नाही माझ्यावरनं." आणि ती खळखळून हसली. उत्तम भिंतीआड उभा राहून ते हसू ऐकत होता आणि त्याला वाटत होतं, सांगावं. तिला समोर बसवावं, छे, बसवू नये, उभं करावं आणि सांगावं. पण तिला सांगितलं की ती गोष्ट खरी होणार होती. आज ती त्याच्या एकट्याच्या डोक्यात होती आणि देवाच्या. दोघांनी मिळून ती अजून तिच्या पायांपर्यंत पोहोचू दिली नव्हती, असं त्याला उगीचच वाटत होतं.

टेम्पो सकाळी आला. सामान खाली गेलं, जिन्यावर कपाटाच्या कोपऱ्याने शेवटची खूण ठेवली, आणि रिकाम्या खोलीत एक प्लॅस्टिकची खुर्ची उरली. तिच्यावर उत्तम बसला होता. कधी बसला, त्याचं त्याला कळलं नव्हतं. भिंतीवर जिथे कपाट होतं तिथे कपाटाच्या आकाराचा जुना पिवळा रंग होता, संचिताची उंची मोजलेल्या पेन्सिलीच्या रेघा होत्या, कॅलेंडरच्या खिळ्याखाली ओलीचा नकाशा होता. वर सोनलचं घर आधीच रिकामं झालेलं, म्हणून लाटण्याचा आवाज नव्हता, आणि तो नसल्याने इमारत श्वास रोखून उभी असल्यासारखी वाटत होती. त्याने उठायचं ठरवलं. पाय ऐकेनात. घोट्यापासून वर मुंग्या येत होत्या, मग मुंग्याही थांबल्या, आणि कमरेखाली नुसतं काहीतरी जड, दुसऱ्याचं, खुर्चीला लागून होतं. बरोबर आहे, त्याच्या मनात आलं. मीच सही केली, मीच मागे घ्यायला सांगितलं, मीच मला बाहेर काढतोय. जो कोणी म्हणजे मी. आणि गंमत अशी, की त्या विचाराने त्याची भीती थोडी निवली. मीच तर मीच. कपाळावर शिक्का बसायचा तो माझ्या.

तेवढ्यात जिन्यावर शीलाचे पाय वाजले. एकेक पायरी, थांबून. ती दारात आली, धापा टाकत, पदर खोचलेला. "इथे बसलात होय! टेम्पोवाला बोंबलतोय खाली." तिने खोलीकडे पाहिलं नाही, पाहिलं असतं तर रडली असती. ती सरळ त्याच्याकडे आली आणि हात पुढे केला. "चला उठा. तुम्ही असे नाही निघायचे. मीच काढते तुम्हाला बाहेर."

तो हात त्याच्या मनगटापासून वितीवर होता. आत्ता तिने धरलं, ओढलं, उंबऱ्याबाहेर नेलं, की झालं. आपलो असांदे का परको असांदे. "हात लावू नकोस!" तो असा ओरडला की रिकाम्या खोलीतला चुना सुटून खाली आला. शीला दचकून मागे सरली. आणि उत्तम उठला. कसा उठला ते त्या पायांना विचारावं; गुडघे कडाडले, खुर्ची उलटी पडली, डोळ्यांपुढे काळं आलं, आणि तिचा हात पोहोचायच्या आत तो उंबरा ओलांडून बाहेर होता. तसाच तीन मजले उतरला, मागे न बघता, कुणी पाठीला लागल्यासारखा. "विंचू चावला की काय ह्यांना!" वरून तिचा आवाज येत होता.

टेम्पोवाला काळुराम म्हणाला, "काका, पुढं बसा की. शीट हाय." उत्तम नको म्हणाला. शीला पुढे बसली आणि हा मागे, सामानात, फ्रीजला मिठी मारून उभा. डोंबिवलीपासून कल्याणचा पत्रीपूल, आणि तिथून पार आंबिवलीपर्यंत, विसर्जनाला निघालेल्या मूर्तीसारखा तो उभ्याने गेला, आणि सिग्नलला दोन पोरांनी मोरयासुद्धा म्हणून घेतलं. कारण आता त्याला पक्कं ठाऊक होतं, की गाऱ्हाणं त्याच्यावर आहे, आणि एकदा बसला की संपलं. नव्या घरी तो उभ्याने जेवला. उभ्याने खोकी सोडली. शेजारची बाई पाणी घेऊन आली, तिच्याशी उभ्याने बोलला. दारातल्या जास्वंदीला पाच फुलं होती की सहा ते मोजून पाहिलं, पुन्हा मोजलं. उन्हं कलली तेव्हा त्याच्या पोटऱ्या थरथरत होत्या, आणि एक हात भिंतीला होता.

"बसा की आता," शीला म्हणाली.

"नको."

"सकाळपासून बघतेय मी. मघाशी तुम्ही संडासातसुद्धा घाईने गेलात आणि घाईने आलात. काय आहे?"

मग त्याने सांगितलं. भिंतीकडे तोंड करून, धाकूसकट, पेढ्यांसकट, आपलो असांदे का परको असांदे ह्याच्यासकट सांगितलं. बोलणं संपल्यावर तिने हातातल्या कपावरचं वर्तमानपत्र सोडवलं.

"म्हणजे त्या दिवशी मला उठता येत नव्हतं, तेव्हा तुम्हाला वाटलं, की..."

"हं."

"आणि आज मला हात लावू दिला नाहीत."

"हं."

"मेलं ते विमा ऑफिस," शीला म्हणाली. तिने कप खाली ठेवला, येताना उचलून आणलेली ती प्लॅस्टिकची खुर्ची ओढत आणली आणि त्याच्या मागे लावली. "काय शब्द होते? परत सांगा."

"बसल्या जागेवरून उठता येऊ नये."

"बास? एवढंच?"

"एवढंच."

"मग फट राहिली की तुमच्या मसुद्यात. त्याला उठता येऊ नये, असं म्हणालात. दुसऱ्याने हात देऊन त्याला उठवू नये, असं कुठे म्हणालात?"

उत्तमने मान वळवून तिच्याकडे पाहिलं. त्याने ते वाक्य मनात एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत तपासलं, आयुष्यभर तपासली तशी. मग पुन्हा तपासलं. धाकू आठवला, चार गावकरी आठवले. तो मार्ग खरंच कुणी बंद केला नव्हता.

"बसा," ती म्हणाली. "उठायचं होईल तेव्हा हाक मारा. मी आहे."

तो बसला. खुर्ची करकरली. पाय सैल सोडले तशा पोटऱ्यांतून मुंग्या वर चढू लागल्या, घोट्यापासून, ओळखीच्या. शीला स्वयंपाकघरात गेली. नव्या घरात तिला डबे सापडत नव्हते, ती पुटपुटत होती, झाकणं वाजत होती. उत्तमने उठून बघितलं नाही. बोटाने नडगीसुद्धा वाजवली नाही. कान तेवढे त्या आवाजाकडे लावून, दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवून तो बसून राहिला, आणि आतली झाकणं क्षणभर थांबली की त्याचा श्वासही थांबे, आणि ती पुन्हा वाजली की सुरू होई.